लंकेच्या पावण्याचा खांदा

लंकेची माणसं मारुतीच्या तालमीत उतरली ते साल एकोणीसशे चौऱ्याहत्तर. दिवाळी आठ दिवसांवर आली होती. गुऱ्हाळं नुकती पेटली होती आणि वाऱ्याची झुळूक आली की कोल्हापूरच्या पेठेत काकवीचा वास यायचा. पुढं आयुष्यभर तो वास आला की सलिमाला आधी तो खांदा आठवायचा, मग बाकीचं सगळं.

सलिमा तेव्हा तेवीस वर्षांची होती. बाबालाल हाडवैद्याची एकुलती एक लेक. चिंचेखालच्या त्याच तालमीच्या भिंतीला लागूनच त्यांचं घर. हाड बसवायची विद्या घरात पाच पिढ्यांची. पैलवानाचा गुडघा फिरला, मनगट सरकलं, खांदा निखळला की तो आधी बाबालालच्या ओसरीवर यायचा, त्याच्या घरी मागनं कळायचं.

पण तीन वर्षांमागं बाबालालच्या डोळ्यांवर पडदा आला, आणि त्याच्या पुढच्या वर्षी उजव्या अंगठ्यातला जोर गेला. डोळे गेल्याचं पेठेला माहीत होतं आणि त्याचं कुणाला काही वाटत नव्हतं. हाडवैद्याला बोटांनी दिसतं, असं लोकच म्हणायचे. अंगठ्याचं मात्र बाप-लेक सोडून कुणालाच ठाऊक नव्हतं. बायकांची हाडं सलिमा माजघरात बसवायची. ती रीत तिच्या आजीपासूनची. पुरुष आला की बाबालाल चाचपून बघायचा. साधं असलं तर लेप लावायचा, अवघड असलं तर "आज सूज हाय, चार दिवसांनी या," म्हणून लावून द्यायचा. सबबी संपत आल्या होत्या. सलिमाला दिवसरात्र एकच धास्ती होती. अंगठ्याचं उघडं पडलं की अब्बाचं नाव जाणार, आणि नावामागं विद्याही जाणार. कारण ती विद्या ज्या हातांत उतरली होती, त्या हातांना परपुरुषाच्या अंगाला लागायची मुभा नव्हती.

तर त्या दिवशी दुपारी तालमीपुढं उसाची एक ट्रॉली येऊन थांबली. ट्रॉलीत पंचवीस-तीस धिप्पाड माणसं उभी होती. सगळ्यांच्या अंगात एकसारखे सदरे, रंगानं काळीसावळी, माना बैलाच्या वशिंडासारख्या. ट्रॅक्टरवरून जोतीराम खाली उतरला. जोतीराम उद्यमनगरातल्या कारखान्यात लेथवर काम करायचा. त्याआधी दहा वर्षं पलटणीत होता, त्यामुळं त्याला मोडकंतोडकं इंग्रजी यायचं आणि ते बोलायची हौसही होती.

"वस्ताद, पावणं आणल्यात," त्यानं आत हाळी दिली.

गणपतराव वस्ताद पंचा सावरत दारात आले. तालीम त्यांच्या शब्दावर चालायची. "कुठलं पावणं?"

"लंकंचं."

वस्तादांनी एकदा ट्रॉलीकडं बघितलं, एकदा मागं देवळीतल्या शेंदरी मारुतीकडं. "लंकंचं, आणि आणून उतरवलंस ह्याच्या दारात? गेल्या खेपंला ह्यानं तितं काय केलतं ते ठाऊक हाय न्हवं त्यास्नी?"

"चेष्टा राहू दे, वस्ताद. हायवेला उचगावाजवळ त्यांच्या गाडीचा आक्सल तुटला. गाडी चरीत कलंडली. आक्सल मी करून देतो, पर उद्या दुपारपातूर लागंल. एका गड्याचा खांदा निखळलाय. पैलवान मंडळी हाईत, म्हणून सरळ हितं आणलं."

"पैलवान कशावरनं?"

"कान बघा की त्यांचं."

वस्तादांनी कान बघितले. कुस्तीत घासून घासून पैलवानाचा कान फुटतो, मग त्याची गाठ होऊन बसते. कोल्हापुरात असा कान दिसला की पुढचं विचारायची गरज पडत नाही. आणि ट्रॉलीतल्या निम्म्या माणसांचे कान तसेच होते. वस्तादांचा चेहरा एकदम मवाळ झाला. "या पावणं, या. बसा की. थंडाई घोटाया सांगा रे."

सलिमा घराच्या दारातून हे सगळं बघत होती. इतकी दांडगी माणसं एका जागी तिनं खासबागेच्या कुस्तीच्या मैदानातसुद्धा बघितली नव्हती. आणि ती सगळी एका माणसाभोवती हळू चालत होती, काचेचं भांडं न्यावं तशी. तो माणूस तिशी ओलांडलेला होता. डावा हात उजव्या हातानं पोटाशी धरलेला, तोंड राखेसारखं, पण आवाज नाही.

थंडाई पोटात गेल्यावर घोळ बाहेर आला. जोतीरामानं दोन-चार प्रश्न विचारले आणि डोकं खाजवलं. "वस्ताद, कुस्ती न्हाय म्हणत्यात."

"मग कान?"

"रग्बी म्हणून खेळ हाय. चेंडूचा."

त्यांच्यातल्या एकानं पिशवीतून चेंडू काढून वस्तादांच्या हातात दिला. वस्तादांनी तो नारळासारखा फिरवून बघितला. "ह्यो तर दबलाय."

"न्हाय, असाच असतोय म्हणं."

"आणि असला चेंडू पडला तर जाणार कुणीकडं?"

"ते त्यास्नी बी कळत न्हाय. म्हणून तर पंधराजण ठेवल्यात."

मग जोतीरामानं नीट विचारून घेतलं. आशिया खंडातल्या देशांचे संघ दर दोन वर्षांनी एकमेकांशी हा खेळ खेळतात. यंदा सगळे कोलंबोला जमणार होते. जपान येणार, कोरिया येणार, थायलंड, हाँगकाँग येणार. ही माणसं म्हणजे लंकेचा राष्ट्रीय संघ. सरावाचे सामने खेळायला मुंबईला आले होते आणि बसनं मद्रासच्या वाटेनं परत निघाले होते. पहिला सामना अकराव्या दिवशी होता. खांदा निखळला होता तो त्यांच्या पुढच्या फळीचा मुख्य गडी. आठ वर्षं देशासाठी खेळलेला. घरच्या मैदानावर असली स्पर्धा त्याच्या उमरीत पुन्हा होणार नव्हती.

"नाव काय गड्याचं?"

"विमल."

"विमल? आमच्या गल्लीतल्या बायडाबाईची सून हाय की विमल," मागनं कुणीतरी म्हणालं आणि तालीम हसली. तो बिचाराही वेदनेतनं हसला. आपल्या नावावर हसतायत एवढं त्याला कळलं.

त्यांचा मॅनेजर दवाखान्यात जाऊ म्हणत होता. विमलनं मान हलवली. प्लास्टर घातलं की संपलं, असं तो म्हणाला. तोवर वस्तादांनी बाबालालला बोलावणं पाठवलंही होतं.

बाबालाल भिंत चाचपत तालमीत गेला. तालमीत बाई जात नाही, म्हणून सलिमा तेलाची वाटी घेऊन नेहमीसारखी उंबऱ्याबाहेर उभी राहिली. आज सबब चालणार नव्हती, कारण पाहुणा उद्या जाणार होता.

बाबालालनं बोटं खांद्यावर टेकवली आणि क्षणात म्हणाला, "पुढं आलाय. खाली उतरलाय." निदान चुकलं नव्हतं. त्यानं मनगट पकडलं, ओढलं, आणि अंगठा सुटला. विमलच्या घशातून एक दबका आवाज आला. बाबालालनं पुन्हा पकडलं. पुन्हा सुटला. पन्नासएक माणसं होती तालमीत, पण कुस्तीच्या हौद्यातली माती ओढणारा गडीसुद्धा थांबला.

वस्ताद जवळ आले आणि खाली बसले. हळूच म्हणाले, पण सलिमाला ऐकू गेलं.

"बाबालाल, अंगठा कवापासनं गेलाय?"

"दोन पावसाळं झालं."

"मला दसऱ्यापासनं वाटत हुतं." मग त्यांनी विचारलं, "विद्या घरात हाय न्हवं?"

"हाय."

"कुणाकडं?"

बाबालालनं तोंड दाराकडं फिरवलं. त्याला दिसत नव्हतं, पण वाटी कुठं आहे ते ठाऊक होतं.

सलिमाला वाटलं, आता जमीन फाटावी. वस्ताद उठले. मिशीवरून हात फिरवत त्यांनी तिच्याकडं बघितलं, मग मारुतीकडं बघितलं. त्या मिनिटभरात आपल्या घराचा निकाल लागतोय हे तिला कळत होतं.

"तालमीत बाई येत न्हाय," वस्ताद म्हणाले. "ते मोडायचं न्हाय. पावण्याला भाईर चिंचंखाली घ्या. घोंगडं टाका."

चौघांनी विमलला बाहेर आणून घोंगड्यावर निजवलं. गल्लीतली माणसं गोळा झाली. बायडाबाई पदर तोंडाला लावून दारात आली. सलिमा तशीच उभी.

"आता सगळ्यांनी कडं करा," वस्ताद म्हणाले. "आणि पाठी फिरवा."

वीस-बावीस पैलवान घोंगड्याभोवती गोल उभे राहिले, तोंडं बाहेर, पाठी आत. उघड्या, मातीनं लाल झालेल्या पाठी. लंकेच्या माणसांना काही कळलं नाही. पण पैलवान असे उभे राहिलेले बघितल्यावर तीही मधल्या जागांत जाऊन उभी राहिली आणि त्यांनी सवयीनं शेजाऱ्याच्या खांद्यावर हात टाकले. पैलवानांनी आधी चमकून बघितलं, मग त्यांनीही टाकले. सलिमाच्या चारी बाजूंनी माणसांची भिंत उभी राहिली. वर चिंचेचा पाला. आत ती, तिचा आंधळा बाप आणि परमुलखातला एक माणूस.

सलिमा खाली बसली. खांद्यावर हात ठेवला तेव्हा तिची भीती गेली. हाड कुठं आहे आणि कुठं जायचं आहे, एवढंच उरलं. ओढायचं तर टाच त्याच्या बगलेत रोवावी लागणार होती. पाहुण्याला पाय लावायचा, म्हणून तिनं आधी हात जोडले. विमलला ते काय वाटलं कोण जाणे, त्यानं निजल्या निजल्या उजवा हात छातीवर ठेवून मान लववली.

बाबालालची एक रीत होती. ओढायच्या आधी तो रोग्याला काहीतरी विचारायचा आणि रोगी उत्तराला लागला की तेवढ्यात हाड बसवायचा. माणूस सांगायला लागला की अंग सैल सोडतो.

"जोतीरामदादा," सलिमा म्हणाली, "पावण्याला विचारा, त्यांच्याकडं भाताबरोबर काय खात्यात?"

जोतीराम पाठ फिरवूनच उभा होता. त्यानं तसंच, चिंचेच्या बुंध्याला विचारावं तसं इंग्रजीत विचारलं. विमलनं डोळे उघडले. हा प्रश्न आत्ता कशाला, असं त्याच्या तोंडावर दिसलं. मग त्याचा चेहरा निवळला. तो सांगायला लागला. नारळ म्हणाला, मिरची म्हणाला, पुढं माशाचं काहीतरी सांगायला त्यानं तोंड उघडलं आणि सलिमानं टाचेचा रेटा देऊन हात सावकाश, न हिसकता ओढला आणि आत फिरवला.

खट्.

आवाज सगळ्या कड्याला ऐकू गेला. एकही पाठ वळली नाही. बाबालाल पुढं सरकला, चार बोटं लेकीनं बसवलेल्या खांद्यावर फिरवली आणि म्हणाला, "बसलं." एवढंच.

"आता एकवीस दिवस हात हलवायचा न्हाय," सलिमा म्हणाली.

जोतीरामानं सांगितलं. विमल उठून बसला आणि हलक्या आवाजात काहीतरी बोलला.

"अकराव्या दिवशी खेळणार म्हणतोय."

"मग कशाला बसवून घेतला?" सलिमा फटकन बोलली. कड्यातनं कुणीतरी खुदकन हसलं. विमल हसला नाही. तो तिच्याकडं बघत राहिला, आणि त्या बघण्यात मागणं होतं. सलिमाला ते मागणं ओळखीचं वाटलं. आपल्या हातातलं काम आपल्याला करू द्या, एवढंच. तीही दोन वर्षं मनातल्या मनात हेच मागत आली होती.

"खेळ बघितल्याबिगर मी न्हाय सांगणार," ती म्हणाली. "हाताला काय काम असतंय ते मला दिसू दे."

दुसऱ्या दिवशी सकाळी कळंब्याच्या तळ्याजवळ तालमीतल्या केरबाच्या भुईमूग काढलेल्या रानात सगळी तालीम लोटली. सलिमा आणि बाबालाल टांग्यातून आले. सलिमा टांग्यातच बसून राहिली, बुरख्याचा पडदा वर टाकून. तळ्यावर धुकं होतं. लंकेची माणसं दोन भाग करून खेळायला लागली. चेंडू मागं फेकायचा आणि माणसानं पुढं पळायचं, हे बघून वस्ताद म्हणाले, "ह्यांची गाडीच उलटी पडली न्हाय, खेळ बी उलटा हाय." पण मग त्यांचा रेटारेटीचा डाव आला आणि वस्ताद दोन पावलं पुढं सरकले.

आठजण एकमेकांच्या पाठीवर हात टाकून वाकले. तिघं पुढं, बाकीचे त्यांच्या मागं, डोकी दोघांच्या मधे घातलेली. समोर दुसरे आठ तसेच. आणि दोन्ही बाजू एकमेकींवर आदळल्या. सोळा माणसांचा मिळून एकच हुंकार आला. ढेकळं उडाली. मग कितीतरी वेळ काहीच हललं नाही. नुसते पाय मातीत रुतत होते, पोटऱ्या थरथरत होत्या आणि पाठींवरून वाफ निघत होती. सलिमाच्या अंगावर काटा आला. कालचं कडंच होतं ते. काल ते तिच्यासाठी थांबून राहिलं होतं, आज चालायला लागलं होतं.

वस्तादांना राहवलं नाही. त्यांनी आपले दहा निवडक पैलवान पुढं काढले. "आठजणांच्या म्होरं दहा. बघू." एकास एक धरलं तर दहाही गडी त्या आठांतल्या कुणालाही भारी होते. एकेकाला धरून आपटायला त्यांना चार मिनिटं लागली नसती. ते वाकले, भिडले, आणि सगळ्या तालमीसमोर, सावकाश, बैलानं औत ओढावं तसे मागं ढकलले गेले. केरबाच्या बांधापर्यंत. बांधावर टेकल्यावर जो तो उठून आपल्या हातांकडं बघत राहिला. कुणाला राग आला नाही. देवळात एखादी मोठी मूर्ती बघून बाहेर पडल्यावर माणसं जशी गप्प असतात, तशी सगळी गप्प होती.

"मला तितं न्या," बाबालाल म्हणाला.

वस्तादांनी त्याचा हात धरून नेलं. आठजण पुन्हा वाकले. बाबालालनं त्यांच्या पाठींवरून हात फिरवला, एकाच्या पाठीवरून दुसऱ्याच्या, तिसऱ्याच्या. साठ वर्षं त्यानं माणसाचा सांधा कुठं सुरू होतो आणि कुठं संपतो हेच शोधलं होतं. तो पुन्हा पुन्हा हात फिरवत राहिला.

"गणपतराव," तो म्हणाला, "ही आठ न्हाईत. ह्यो एकच गडी हाय. सांधाच घावत न्हाय मला."

सलिमा टांग्यातून उतरली. विमल बांधावर हात पोटाशी धरून बसला होता. तो खेळत नव्हता, पण त्याचे पाय तिथल्या तिथं मातीत रेटा देत होते. तिनं हे बघितलं आणि जोतीरामाला बोलावलं.

"सांगा पावण्याला. ढकलताना हात शेजाऱ्याच्या पाठीवर असतोय, खांद्याच्या वर जात न्हाय. तेवढं चालंल. पर ते वर उड्या मारून चेंडू धरत्यात ते ह्यानं करायचं न्हाय. हात खांद्याच्या वर गेला की पुन्हा निखळंल, आणि मग मी काय, कुणीच बसवू शकणार न्हाय. शपथ घ्यायला सांगा."

विमलनं घेतली. कशाची घेतली ते कुणाला कळलं नाही, भाषा त्यांची होती.

बांधायला जाड, न ताणणारं कापड हवं होतं. वस्तादांनी मारुतीपुढं ठेवलेलं लंगोटाचं नवं लाल कापड काढून दिलं. "मारुतीचं कापड लंकंला चाललंय," ते म्हणाले, "ह्या खेपंला आग लावाय न्हाय म्हणावं." सलिमानं खांद्यावरून, बगलेतून, छातीवरून पट्टा कसा फिरवायचा ते त्यांच्या मालिशवाल्याला सात वेळा करून दाखवलं. सात वेळा तो चुकला. शेवटी विमलच्या शेजारी वाकणारा गडी पुढं आला आणि त्याला पहिल्याच खेपेला जमलं.

दुपारी गाडी तयार झाली. निघताना विमल बाबालालच्या पाया पडला. त्यांच्याकडं गुडघे टेकून, कपाळ जमिनीला लावून पडतात. मग तो तसाच वळला आणि सलिमाच्या त्या उजव्या पायापुढं वाकला, ज्या टाचेनं त्याला रेटा दिला होता. सलिमा मागं सरकली, घरात गेली आणि चुलीपुढं बराच वेळ बसून राहिली.

संध्याकाळी एक पैलवान मनगट धरून ओसरीवर आला. बाबालालनं चाचपलं आणि म्हणाला, "सलिमा, ये भाईर." पैलवानानं स्वतःच तोंड दुसरीकडं फिरवलं.

जानेवारीत कोलंबोहून पाकीट आलं. जोतीरामानं ते ओसरीवर वाचून दाखवलं. शेवटी जपाननं त्यांना हरवलं होतं, मोठ्या फरकानं. पण त्याआधीचे सामने त्यांनी मारले होते. सोबत एक फोटो होता, सामना जिंकल्यावर काढलेला. पंधरा माणसं चिखलात माखलेली, सगळ्यांचे दोन्ही हात आभाळात. मधे एकजण मात्र तोंडभर हसतोय, उजवा हात वर आणि डावा खाली, पोटाशी. फोटो काळा-पांढरा होता, तरी खांद्यावरचा पट्टा लाल आहे हे ओसरीवरच्या सगळ्यांना दिसत होतं. पत्रात शेवटची ओळ होती: "जिंकल्यावरसुद्धा वर केला नाही."

बाबालाल एकोणऐंशी साली गेला. शेवटपर्यंत ओसरीवर बसून लेकीनं बसवलेलं हाड तपासायचा आणि "बसलं" एवढंच म्हणायचा. गणपतराव वस्तादांनी तालमीतल्या गड्यांना त्या ढकलण्याची तालीम द्यायचा नाद दोन वर्षं केला, मग पैलवानांनीच कंटाळून सोडला. ते शहाऐंशी साली गेले, त्यांच्या दोन्ही गुडघ्यांना अखेरपर्यंत सलिमाचाच लेप होता. जोतीरामानं उद्यमनगरात स्वतःचा लेथ टाकला आणि तुटलेला आक्सल दुकानात दर्शनी ठेवला. गिऱ्हाइकानं विचारलं, की त्याचा अर्धा तास जायचा. केरबाच्या रानात आता घरं झाली आहेत.

विमल पुढं एका शाळेत मुलांना खेळ शिकवायला लागला. दर दिवाळीला त्याचं पत्र यायचं. त्र्याऐंशीच्या पावसाळ्यात लंकेत दंगली उसळल्या, त्या दिवाळीला आलं नाही, नंतरही आलं नाही. सलिमानं जोतीरामाकडून तीन पत्रं लिहून घेतली, मग थांबली.

सलिमाचं लग्न कबनूरच्या रफिकशी झालं. तो कापडाच्या मागावर काम करायचा. ओसरी सोडणार नाही, एवढी एकच अट तिनं घातली, म्हणून तोच कोल्हापूरला राहायला आला. तिनं पुढं चाळीस वर्षं हाडं बसवली, बायकांची तशी पुरुषांची. पाठी फिरवून कडं करायची रीत तालमीनं दोन-तीन वर्षं पाळली. मग एकदा घाईत कुणीतरी विसरलं, आणि कुणाच्या ते ध्यानातही आलं नाही. तालमीत मात्र ती कधी गेली नाही. पैलवानच बाहेर चिंचेखाली येत राहिले. पट्ट्याला तिनं दुसऱ्या रंगाचं कापड वापरलं नाही. आता तिच्याही अंगठ्यात जोर उरलेला नाही, आणि ते तिनं लपवलेलं नाही. नात, नजीरा, शेजारी बसलेली असते. सलिमा चाचपते, जागा सांगते, आणि नजीरा ओढायच्या आधी समोरच्याला विचारते, "तुमच्याकडं भाताबरोबर काय खाता?"